जड नाव

सकाळी सातला संघरत्नाने मॅडमच्या फार्महाउसवर स्लो कुकरमध्ये कोंबडीचे तुकडे टाकले. वर बटाटे, कांदा, मक्याचे दाणे. मिरच्यांच्या बिया काढून त्या बारीक चिरू लागली. म्हातारी माणसं जेवायला होती, तिखट बेताचंच हवं होतं.

‘‘दूध शेवटी घाल हं,’’ स्नेहल मॅडम म्हणाल्या. त्या ओट्याला टेकून कॉफी पीत उभ्या होत्या. या दाट सूपला चाउडर म्हणतात हे त्यांनीच तिला शिकवलं होतं. चार महिन्यांत ते मॅडमपेक्षा तिलाच चांगलं जमायला लागलं होतं.

‘‘आणि ऐक ना. आज मावश्यांसमोर मी तुला संगीता म्हणेन. चालेल ना?’’

संघरत्नाची सुरी थांबली. ‘‘का?’’

‘‘जुनी माणसं आहेत गं. तुझं नाव त्यांना म्हणायला जड जाईल.’’

मॅडम कप सिंकमध्ये ठेवून बाहेर गेल्या. संघरत्नाने मिरच्या भांड्यात लोटल्या, झाकण ठेवलं, बटण फिरवलं. सहा तास लागणार होते.

पहिलीत घालताना गुरुजींनी तिचं नाव नुसतं रत्ना लिहिलं होतं. तिचा बाप बारकू मजुरीचा खाडा करून शाळेत गेला आणि पूर्ण नाव लिहून होईपर्यंत टेबलासमोरून हलला नाही. ती गोष्ट तो अजून सांगायचा. मघाशीच मॅडमना नाही म्हणायला हवं होतं, असं तिला ओटा पुसताना वाटलं. पण हे काम घरापासून दहा मिनिटांवर होतं. याआधी ती भिवंडीच्या गोदामात खोकी भरायला जायची, तेव्हा लेकीला फक्त झोपलेली बघायची.

अकराला गाडी आली. मॅडमच्या सासूच्या दोघी बहिणी, डोंबिवलीच्या. थोरल्या मावशी बोलक्या होत्या. फार्महाउसभर हिंडून त्यांनी प्रत्येक झाडाचं नाव विचारलं.

‘‘संगीता, पाणी आण.’’

‘‘संगीता, पंखा मोठा कर.’’

‘‘संगीता, मावशींची पिशवी आत ठेव.’’

एरवी मॅडम तिला इतक्या हाका मारत नसत. एकदा तिचं लक्षच गेलं नाही. मॅडमनी दोनदा हाक मारली, तिसऱ्यांदा आवाज चढवला.

‘‘कानाने कमी ऐकते का गं ही?’’ थोरल्या मावशींनी हसत विचारलं. मॅडमही हसल्या.

संघरत्ना स्वयंपाकघरात आली. धुतलेला डाव तिने नळाखाली पुन्हा धुतला.

एक वाजता तिने दूध घातलं, मिरपूड भुरभुरली, चार बटाटे डावाने चेचून सूप दाट केलं. भांडं टेबलावर नेऊन ठेवलं आणि वाट्या भरल्या. बराच वेळ नुसता चमच्यांचा आवाज येत होता.

‘‘काय सुरेख झालंय,’’ थोरल्या मावशी म्हणाल्या. त्यांनी वाटी पुढे केली. संघरत्नाने दुसऱ्यांदा वाढलं. ‘‘स्नेहल, तू केलंस?’’

‘‘छे, सगळं संगीताच करते.’’

‘‘हाताला चव आहे हं तुझ्या. आडनाव काय गं तुझं?’’

‘‘इथलीच आहे, शेणवे गावची,’’ मॅडम घाईने म्हणाल्या. ‘‘मावशी, पाव घ्या ना अजून.’’

संघरत्नाने डाव भांड्यात ठेवला.

‘‘संगीता नाय माझं नाव,’’ ती म्हणाली. ‘‘संघरत्ना. संघरत्ना बारकू गायकवाड. आमी बुद्धवाडीतले.’’

मावशींचा चमचा तोंडाशी पोचला होता. तो सावकाश वाटीत परत गेला.

‘‘हो का? छान नाव आहे.’’ त्यांनी वाटी चार बोटं पुढे सरकवली. ‘‘मला बास झालं आता. दुधाचं फार पचत नाही.’’

‘‘फळं आहेत का गं, स्नेहल?’’ धाकट्या मावशींनी विचारलं.

केळ्यांची फणी बाजूच्या कपाटावर होती. सवयीने संघरत्नाचा हात तिकडे गेला.

‘‘राहू दे, राहू दे,’’ धाकट्या मावशी अर्ध्या उठल्या. ‘‘मी घेते माझी.’’

संघरत्नाने हात मागे घेतला. मावशींनी मधलं केळं तोडलं, तिचा हात जिथे पोचला नव्हता तिथलं.

मॅडमचा चेहरा लाल झाला होता. ‘‘संघरत्ना, तू आत जा.’’

‘‘आता नाय गेलं जड?’’

संघरत्नाने मांडणीवरून एक वाटी घेतली, त्यांच्यासमोर होती तशीच. काठापर्यंत भरली. मग थोरल्या मावशींसमोरची खुर्ची ओढली आणि बसली. चार महिन्यांत तिने ती खुर्ची रोज पुसली होती.

‘‘हे काय चाललंय?’’ मॅडमचा आवाज अगदी खाली आला होता. ‘‘उद्यापासून येऊ नकोस तू.’’

‘‘नाय येत.’’

लेक आठवली, तरी तिने पहिला घास घेतला. चमचा वाटीवर वाजत होता. बटाटा गरम होता. तिने फुंकर घातली, मका चावला, घाई केली नाही. समोर थोरल्या मावशी टेबलक्लॉथवरची नक्षी बघत बसल्या होत्या. धाकट्यांच्या हातातलं केळं सोलायचं राहिलं होतं.

तिघींपैकी कोणीच उठलं नाही. उठलं असतं तर का उठलो ते सांगावं लागलं असतं.

संघरत्नाने वाटी संपवली, आणि पुन्हा वाढून घेतलं.