बांगड्यांचा भाव

नवरा हाशम सुरतेला कापडाच्या कारखान्यात कामाला गेला आणि एरंडोलचं बांगड्यांचं दुकान सिताराच्या हाती आलं. त्याने मालाचे भाव कुठे लिहून ठेवले नव्हते. गिऱ्हाईकाने नवा माल मागितला की ती फोन लावायची. तो यंत्रांच्या खडखडाटात ओरडून भाव सांगायचा आणि लगेच फोन ठेवायचा. तेवढ्या आवाजावर तिचा दिवस जायचा.

काल मात्र तो म्हणाला, "कामावर सारखा फोन नको करू, मुकादम ओरडतो."

आज एक बाई लाखेच्या आणि काचेच्या बांगड्या मागायला आली. सिताराने त्याची जुनी वही काढली. तिच्यात रोजचा विकलेला माल आणि एकूण रक्कम एवढंच होतं. एका दिवशी लाखेचे तीन जोड आणि काचेच्या दोन डझन, चारशे साठ. दुसऱ्या दिवशी जोड तेवढेच, काचेच्या चार डझन, पाचशे साठ. म्हणजे वरचे शंभर दोन डझनांचे, डझनाला पन्नास. उरलेल्या तीनशे साठात तीन जोड, एक एकशेवीसचा.

बाई खुशीत गेली. सिताराला मात्र उगाच सुनं सुनं वाटलं.

दुपारी फोन वाजला.

"आज कुणी आलंच नाही का गं दुकानात?" हाशमने विचारलं.

"आलं होतं ना."

"मग भाव?"

"वहीवरून मीच काढला. लाखेचा जोड एकशेवीस. बरोबर ना?"

"बरोबर," तो म्हणाला.

मागे यंत्रं खडखडत राहिली. फोन काही त्याने ठेवला नाही.