कपभर तेल

तेल कपभरच निघालं.

थोरला गाडीखाली उताणा पडून पाहत होता. तळाचा बोल्ट त्याच्या मुठीत होता आणि डोक्याशी मोठा पत्र्याचा ट्रे पसरलेला होता. भोकातून एक बारीक धार आली, धारेचे थेंब झाले, थेंबांमधलं अंतर वाढत गेलं. शेवटचा थेंब काठाशी लोंबकळत राहिला, निघावं की नाही हे न ठरलेल्या पाहुण्यासारखा. या गिअरबॉक्सला पाच-सहा लिटर तेल लागतं. ट्रेचा तळसुद्धा झाकला गेला नव्हता.

त्याला वाईट वाटायला हवं होतं. वाटलं नाही.

"अण्णा, जरा इकडे या," तो सरपटत बाहेर येत म्हणाला.

गाडी अण्णांची स्वतःची होती. मागच्या वेळी तिचं तेल धाकटीने, थोरल्याच्या बहिणीने, बदललं होतं. धाकटीनेच ही गाडी त्यांच्या गळ्यात मारली होती, असं अण्णा येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत. "दोन क्लच, आणि पाय ठेवायला एकही नाही! हा कुठला न्याय?" त्यावर ती हसून म्हणे, "एक क्लच चालू गिअर धरून असतो, अण्णा, तोवर दुसरा पुढचा तयार ठेवतो. पहिल्याने सोडलं की दुसऱ्याने धरलं. गाडीला कळतसुद्धा नाही."

थोरल्याची हयात मालवाहू ट्रकांखाली गेली होती. परगावची ती कंपनी बंद पडली तेव्हा तो बायको आणि दोन मुलांसह गॅरेजवरच्या खोल्यांत परतला. त्याच्या हाताला वळण होतं, पण गिऱ्हाईक दारातूनच विचारी, "ताई आहेत का?" आणि नाहीत म्हटलं की, "मग उद्या येतो." हा 'उद्या' तो रोज गिळत होता. अण्णांचे गुडघे आता वाकत नव्हते. गॅरेज दोघांपैकी एकाच्या हाती द्यायचं, एका म्यानात दोन तलवारी ठेवायच्या नाहीत, हे त्यांनी जाहीर केलं होतं. कोणाच्या हाती, ते सगळ्यांना ठाऊक होतं. थोरल्यालाही.

अण्णा काठी टेकत आले. ट्रेकडे त्यांनी बराच वेळ पाहिलं.

"एवढंच?"

"एवढंच. भरलंच नव्हतं तिने."

"मग गाडी इतके दिवस चालली कशी?"

"नशिबावर, अण्णा. तेलावर नव्हे."

पलीकडच्या गाडीच्या बॉनेटखालून धाकटी हात पुसत आली. "काय झालं? चेहरे का असे? कोणाचं विमान पडलं?"

"विमान नाही, पितळ उघडं पडलं," थोरला म्हणाला. "ये, बघ तुझी करामत."

तिने बॅटरी घेतली आणि गाडीखाली शिरली. बाहेर फक्त तिचे बूट दिसत होते. आधी ते हलत होते. मग थांबले. तिने भोकात बोट घातलं असावं, कारण लोंबकळणारा थेंब ट्रेमध्ये पडल्याचा बारीक आवाज आला. थोरल्याने तेवढ्या वेळात तिची सगळी उत्तरं मनात रचली आणि एकेक खोडून काढली. वरच्या खोलीतून त्याच्या बायकोचा, मुलांना दटावणारा आवाज येत होता.

धाकटी बाहेर आली. तिने अण्णांकडे पाहिलं नाही. थोरल्याच्या कानाजवळच्या पिकल्या केसांकडे पाहिलं, आणि मग वर, त्या आवाजाच्या दिशेने.

"माझंच चुकलं, अण्णा," ती म्हणाली. "भरायचं राहून गेलं."

अण्णांचा चेहरा विझल्यासारखा झाला. त्यांनी एकदा, फक्त एकदाच, विचारलं, "तुझ्याकडून?"

"हो."

"हातून चूक होते, छोटे. पण कोरड्या गिअरबॉक्सवर बाप फिरवायचा, याला चूक म्हणत नाहीत." त्यांनी कमरेचा किल्ल्यांचा जुडगा सोडला. गेली कित्येक वर्षं तो त्यांच्या चालीबरोबर वाजत आला होता. आता त्यांनी तो थोरल्याच्या तेलकट पंज्यात ठेवला आणि वरून मूठ मिटवली. "शाबास. यापुढे तू बघायचंस."

या एका शब्दासाठी थोरला लहानपणी अंधारात नट ओळखायला शिकला होता. तो शब्द आता इतका साधा निघाला की त्याला वाटलं, आपलं काहीतरी ऐकायचं राहिलं. बहिणीकडे पाहण्याचा त्याला धीर होईना. तिला काय, तो स्वतःशी म्हणाला, तिला कुठेही काम मिळेल. हे खरं होतं, आणि तरीही ते त्याला पुरत नव्हतं. हाताला उद्योग हवा म्हणून त्याने नव्या तेलाच्या कॅनचं झाकण फिरवलं. अण्णा पाठ करून सावकाश खुर्चीकडे निघाले होते.

धाकटी बॅटरी जागेवर ठेवण्याच्या निमित्ताने त्याच्याजवळ वाकली. तिच्या आवाजात ना राग होता, ना उपकार; हत्यार मागताना असतो तसा तो सपाट होता.

"दादा, नवं तेल एवढ्यात घालू नकोस. त्या भोकात एक नळी उभी असते. तिच्या काठावरून आलं तेवढंच सांडलं, बाकीचं सगळं आतच आहे. नळी काढलीस की धो धो येईल." तिने कॅनचं झाकण पुन्हा घट्ट लावलं. "अण्णा वर गेल्यावर काढ."