कपाळावरची बट

"गंगावन लावायला तरी आधी केस हवेत ना!" सुनंदाबाईंनी जयूचं डोकं धरून नवऱ्यापुढे केलं. मानेपर्यंत छाटलेले केस, कपाळावर एक बट. आणि तिला बघायला पाहुणे संध्याकाळी ग्वाल्हेरहून पोचणार.

मधुकरराव बघतच राहिले. "कुणी कापले?"

"मीच. चिडू नका ना, बाबा. टावर चौकात तंबूत जुना मूकपट लागलाय, त्यातल्या पोरीसारखे."

मधुकररावांनी तो इंदूरला कॉलेजात असताना वडिलांना चोरून पाहिला होता. पोरगी केस कापते, बाप छडी घेऊन मागे धावतो आणि तोंडावर आपटतो. मग पोरगी डावी भुवई उडवते, खालचा ओठ पुढे काढते आणि फुंकरीने बट उडवते. मित्रांनी आरशापुढे टर्मभर सराव केला. भुवई साधली की फुंकर चुके, फुंकर साधली की थुंकी उडे. पुढे बोलपट आले आणि ती पोरगी झालेली नटी कुठे गेली, कुणाला कळलं नाही.

तेव्हा ते त्या बापाला पोट धरून हसले होते. आता नेमकं कुणावर रागवावं, हेच त्यांना कळेना.

मुलगा सचिवालयात होता, नव्या राज्याची राजधानी भोपाळला होणार म्हणून तिकडे जाणार होता. जयूने त्याचा फोटो उशीखाली ठेवला होता.

"विषमज्वर झाला होता म्हणू," ते शेवटी म्हणाले. "त्यात केस कापतातच."

"पण मी ठणठणीत आहे!"

"मग थोडं खोक."

संध्याकाळी मुलाचे वडील भय्यासाहेब ऐसपैस बसले. शेजारी अहल्याबाई, नऊवारी, कपाळापर्यंत पदर.

"आमची ही बोलत नाही फार," भय्यासाहेब पोह्यांवर शेव घेत म्हणाले. "पण चेहऱ्यावर सगळं वाचता येतं. घर थरथर कापतं!"

मधुकरराव आत्ताच कापू लागले होते.

जयू चहा घेऊन आली. ट्रे ठेवताना तिचा डोक्यावरचा पदर घसरला. आखूड केस उघडे पडले.

"विषमज्वर," मधुकरराव घाईने म्हणाले. "गेल्या महिन्यात."

जयू खोकली.

अहल्याबाईंनी कप खाली ठेवला. आधी जयूच्या केसांकडे पाहिलं, मग मधुकररावांकडे. मधुकरराव उगाच हसले. स्थळ गेलं.

अहल्याबाईंनी जयूचा हात धरून तिला शेजारी बसवलं. मग त्यांची डावी भुवई वर गेली, खालचा ओठ पुढे आला आणि त्यांनी कपाळाकडे, जिथे आता नुसता पदर होता तिथे, एक फुंकर मारली.

थुंकीचा थेंबसुद्धा उडाला नाही.