धाकट्या चंद्राची पौर्णिमा

"बाबा, चूक आहे!" लेकीने कागद टेबलावर आपटला. "धाकट्या चंद्राची पौर्णिमा दर अठरा दिवसांनी. नवव्या महिन्यात ती सतराव्याच दिवशी उगवलीय. लेखकाने पकडली."

तपासनिसाने कपाळावरचा चष्मा नाकावर घेतला, कागद पाहिला आणि चेहरा पाडला. चेहरा पाडायचा सराव त्याने सकाळीच आरशासमोर केला होता.

"म्हातारा झालो गं पोरी."

"झालात खरे. चहा टाकते. नववा ते तेरावा, सगळे महिने पुन्हा मोजायचे आता."

पाच महिने. शनिवारी एक, म्हणजे पाच शनिवार. तपासनिसाने खिडकीकडे तोंड फिरवून हसू गिळलं.

चाळीस वर्षं कॅलेंडरच्या छापखान्यात शेवटची नजर त्याची असायची. त्याच्या हाताखालून एक चुकीची तारीख कुणाच्या भिंतीवर गेली नव्हती. मग संगणक आला आणि मालकाने त्याला घड्याळ देऊन घरी बसवलं. ज्याचा वेळ काढून घ्यायचा त्यालाच घड्याळ द्यायचं, एवढी अक्कल फक्त मालकांनाच असते. जन्मभर तारखा राखलेल्या माणसाला आज वार कोणता, हेही विचारणारं कुणी उरलं नाही. बायको केव्हाच गेलेली. लेक शहराच्या दुसऱ्या टोकाला, एका प्रकाशनात पानांची जुळणी करायची. फोनवर "जेवलात?", "जेवलो." संपलं बोलणं.

तो अंथरुणातून उठायचाही कंटाळा करू लागला, तेव्हा एका शनिवारी ती उगवली. ती म्हणाली, त्यांच्या प्रकाशनाकडे एक जाडजूड कादंबरी येत होती, सगळं जगच मनाने रचलेलं. लेखकाला त्या जगाचं कॅलेंडर हवं होतं.

"आधी कादंबरी वाचायला दे," तपासनीस गुरगुरला.

"एक पान दाखवत नाही तो कुणाला. चक्रम आहे. प्रश्न माझ्याजवळ देतो, उत्तरं माझ्याजवळ द्यायची."

मग काय, घरात जग उभं राहिलं. दोन चंद्र. नऊ वारांचा आठवडा. सत्तावीस दिवसांचा महिना, असे तेरा. आणि वर्षाअखेरीस एक सुटा दिवस, कुठल्याच महिन्यात न बसणारा.

"लेखक विचारतोय, सुट्या दिवशी नवराबायको भांडले तर ते भांडण धरायचं का?"

"नाही धरायचं. तो दिवस मोजणीतच नाही."

"आईला हे कळलं असतं, तर वर्षभर सुटा दिवसच पाळला असता तिने!"

दोघं खोकला येईपर्यंत हसले. बाप-लेक इतकं कधी बोललेच नव्हते.

पण कॅलेंडर एकदाचं पुरं झालं. शेवटचा कागद देऊन टाकला की पुन्हा "जेवलात?", "जेवलो." त्या दिवशी तपासनिसाने आयुष्यातली पहिली चूक केली, जाणूनबुजून. पेन्सिल त्याने अशी चोरून टेकवली, की जणू कुणाच्या खिशात हात घातलाय. ती चूक लेखकाने धरली. सतराव्या दिवसाची पौर्णिमा ही दुसरी.

त्या दुसऱ्या चुकीच्या तिसऱ्या शनिवारी लेक आली ती तापाने फणफणत. दोन बस बदलून, नाकाला रुमाल लावून.

"अगं, घरी पडायचं ना!"

"आणि अकरावा महिना कोण मोजणार? सरका, बसू द्या."

मान कलली तरी ती आकडे लावत राहिली. एका खोट्या चुकीपायी. तिकडे कुणाचं पुस्तक अडलेलं, आणि खापर फुटणार ते पोरीच्या डोक्यावर.

ती तापाने घरीच होती, तेव्हा सोमवारी इस्त्रीचा सदरा घालून तो तिच्या कचेरीत गेला. प्रकाशिकाबाई कागदांच्या ढिगाऱ्याआड बसल्या होत्या. त्याने नाव-गाव सांगितलं आणि उभ्याउभ्याच बोलून टाकलं.

"चुका माझ्या आहेत. मुद्दाम केल्या. लेक शनिवारी येत राहावी म्हणून. तिला एका शब्दाने बोलू नका. हे घ्या, बिनचूक कॅलेंडर. छापा आता पुस्तक."

"कुठलं पुस्तक, काका?"

"ते हो, रचलेल्या जगाचं. चक्रम लेखकाचं."

बाईंनी मागच्या फळीवरून एक जाड पुस्तक काढून त्याच्यापुढे ठेवलं. "एकच आहे आमच्याकडे तसं. हे छापून बाहेर येऊन वर्ष झालं. पानं तुमच्या लेकीनेच जुळवली."

मग त्यांनी त्याचे कागद उलटेपालटे करून पाहिले, आणि गोंधळून त्याच्याकडे.

"पण यात चंद्र कुठून आणलेत? या जगात सूर्य मावळतच नाही, काका. इथे तारीखच नसते. कॅलेंडर हवंय कुणाला?"