मधली खुर्ची

फेर्मिनचं ग्राफिक्स कार्ड जळलं, म्हणून त्याचा जिगरी दोस्त एलिहियो दुसऱ्या कंपनीचं बसवायला आला.

"आता बघ गड्या, जुन्यानं काय काय लपवलं होतं ते!"

पडदा उजळला. अंगणातला नेहमीचाच फोटो: बायको निमिया, एलिहियो आणि मधोमध तेरेरेचा, म्हणजे गार पाण्यातल्या चहाचा, प्याला धरलेला फेर्मिन. फक्त प्याला आता एलिहियोच्या हातात होता.

फेर्मिननं कॉम्प्युटर बंद करून पुन्हा लावला. आता मधली खुर्ची रिकामी होती.

"निमिया, अगं हे बघ!"

निमिया गार पाण्याची सुरई घेऊन आली आणि फेर्मिनच्या दुसऱ्या बाजूला, एलिहियोसमोर बसली. प्याला एकच, पाळीपाळीनं प्यायचा. आधी ती प्यायली, मग एलिहियो, मग पुन्हा ती.

"आणि माझी पाळी?"

तिनं मानही वळवली नाही. "एलिहियो, ती मधली खुर्ची उचल ना. कधीची रिकामी पडलीय."

एलिहियो उठला आणि त्या खुर्चीत बसलेल्या फेर्मिनकडे बघून त्यानं हळूच डोळा मिचकावला.