रंग न लावलेलं मॅगझिन

हरणाच्या शिकारीसाठी जाड गोळी हवी म्हणून हार्लनने गेल्या वर्षी रायफलची नळी बदलून घेतली होती. आज गोळ्या घ्यायला दुकानात गेला, तर म्हातारा क्लेट म्हणाला, "जाड गोळ्या भरायच्या मॅगझिनांना, त्या पेट्यांना, ओळखायला रंग लावलास ना रे बाबा? नळी तेवढी नवी, बाकी बोल्टपासून मॅगझिनपर्यंत सगळं तेच. जाड गोळी जुन्या, बारीक नळीच्या रायफलीतसुद्धा मुकाट जाऊन बसते. मग चाप ओढलास की रायफल तोंडावर फुटते."

हार्लनने रंग लावला नव्हता. मार्चमध्ये घटस्फोट झाला, तेव्हा त्याने आणि नोरीनने चमचे वाटावेत तशी मॅगझिनं वाटून घेतली होती. तिची रायफल अगदी त्याच्यासारखीच, पण तिला अजून जुनीच नळी होती.

घरी येऊन त्याने आपली मॅगझिनं मोजली. जाड गोळ्या भरलेलं एक त्यात नव्हतं. आणि उद्या पहाटे हरणांच्या शिकारीचा मोसम उघडणार होता; नोरीनही दरवर्षीसारखी रायफल घेऊन निघणार होती.

आठ महिन्यांत पहिल्यांदाच त्याने तिला फोन लावला.

"नोरीन, माझं एक मॅगझिन तुझ्याकडे आलंय. त्यातली गोळी घालू नकोस. रायफल फुटेल."

"ठाऊक आहे. मार्चमध्येच रिकामं केलंय मी ते."

"मग तेव्हाच सांगायचंस ना, बाई!"



 

"तू सांगतोस का, ते बघत होते."