नाल्यापलीकडे गेलेला ठोका

पडद्यावर ढोल सुरू झाला आणि पटांगणातली एकेक मान खाली जाऊ लागली. लोकेशला वाटलं, भारावले! धानोऱ्याकडच्या जंगलातला आपल्यासारखा पोरगा पुण्यात रॉकवाला झालेला, मागे तीसेक वादकांचा ताफा, समोर हजारो माणसं, भारावणारच की. स्वतःच्या कॉन्सर्टची फिल्म त्याने हौसेने गावात आणली होती, चंद्रपुरातून मोठे स्पीकरही आणले होते. बापाने एकदा ‘बरं झालं’ म्हणावं, एवढ्यासाठी हा सगळा खटाटोप.

बाप म्हणजे लालसू, गावचा ढोलवाला. गाण्यातला हा ढोलाचा ठोका स्टेजवर वाजवायला त्याने साफ नकार दिला होता. हा मयतीचा ठोका, तो खोटा वाजत नाही. ऐकला की आसपासच्या वस्त्यांवरची माणसं हातातलं काम टाकून तांदूळ घेऊन मयतीच्या घरी निघतात, असं त्याने परोपरीने समजावलं होतं. लोकेशला तो म्हाताऱ्याचा हेका वाटला. ठोका लहानपणापासून कानात बसलेला. त्याने स्वतःच वाजवला. गाणं तुफान चाललं.

आताही गाणं संपलं तसं त्याने तेच पुन्हा लावलं, आवाज आणखी वाढवून.

तेवढ्यात नाल्यापलीकडून माणसं धावत आली. पुढे सोमारी, लालसूची धाकटी बहीण. पाय अनवाणी, पदरात तांदूळ, तोंडाने ‘दादा, दादा’. लालसू महिनाभर तापाने पडून होता. तिला दुसरं काय वाटणार? खुर्चीत बसलेला भाऊ दिसला आणि ती त्याचे हात चाचपत मटकन खाली बसली. लोकेशने धडपडत आवाज बंद केला. मेल्याहून मेल्यासारखं झालं त्याला.

“मंग कोण गेलं, दादा?”

“कोणी नाई,” लालसू म्हणाला. लेकाकडे त्याने बघितलंही नाही.

सोमारीने डोळे पुसले आणि पहिल्यांदाच पडद्याकडे पाहिलं. आवाज नव्हता, पण माणसं नाचतच होती.

“हे सारे काऊन नाचून राह्यले, बाबू?” तिने लोकेशला विचारलं. “हा ठोका कायचा आहे, त्यायले सांगतलं नाई का कोणी?”

सांगू शकेल असा तिथे पडद्यावर एकच जण होता. ढोल गळ्यात घालून सगळ्यांत उंच उड्या तोच मारत होता.